ताटाची डावी बाजू

रविवार, १६ जानेवारी १९९४. सकाळी परभणीहून औरंगाबादकडे निघालेल्या जीपमध्ये हजर असलेली माणसं अशी: गाडी चालवणारे चाचा. त्यांच्या शेजारी धाकटे डॉक्टर, म्हणजे आमच्या दवाखान्यात वर्षभरापूर्वी रुजू झालेले तरुण एम.डी. मागच्या एका बाकावर वहिनी, मोठ्या डॉक्टरांच्या पत्नी. समोरच्या बाकावर मी, दवाखान्याची मुख्य सिस्टर, मांडीवर बीपीचं मशीन. आणि दोन बाकांच्या मध्ये गादी टाकून आडवे ठेवलेले स्वतः सर. आमचे मोठे डॉक्टर.

मला याद्या करायची सवय आहे. औषधांची, चादरींची, सुट्ट्यांची, घरी किराण्याची. पण त्या दिवशीची ही पाच जणांची यादी मी आजही सरळ वाचू शकत नाही. शेवटच्या माणसाशी आले की थांबते. त्या रस्त्यानं, त्याच जीपमधून, सरांनी इतकी माणसं पाठवली होती की चाचा म्हणायचे, "साब, गाडी को छोड़ दो तो अपने आप औरंगाबाद जाती." सर स्वतः त्या गादीवर असतील हे आमच्यापैकी कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं.

सकाळची हकिकत थोडक्यात सांगते. रविवारी बाह्यरुग्ण विभाग बंद असे, तरी सर यायचे. मावशींनी, म्हणजे आमच्या जुन्या आयाबाईंनी, चहाचा कप पुढे केला. सरांनी उजवा हात पुढे केला. कप हातात आला आणि तसाच खाली गेला. सरांनी आधी फरशीवरच्या चहाकडे पाहिलं, मग स्वतःच्या हाताकडे. हात दुसऱ्या कुणा पेशंटचा असावा तसं, कुतूहलानं. बोलायला तोंड उघडलं. शब्द आला नाही. ओठाचा उजवा कोपरा ओघळला होता.

"अगं बया!" मावशी ओरडल्या. "सरांच्या अंगावरनं वारं गेलं!"

धाकटे डॉक्टर वरच्या खोलीतून धावत आले. त्यांनी हातपाय तपासले, डोळ्यांत बॅटरी मारली आणि म्हणाले, "तुंबलंय." तेवढ्यात सरांनी डावा हात हळूच वर केला आणि मूठ वळली. आमच्या वॉर्डात या खुणेचा अर्थ सगळ्यांना ठाऊक होता. उघडा पंजा म्हणजे डोक्यातली रक्तवाहिनी फुटली. मूठ म्हणजे तुंबली.

"बघा, सर पण तेच सांगतायत. सिस्टर, रक्त पातळ करायचं इंजेक्शन काढा. लवकर."

मी कपाट उघडलं नाही. "डॉक्टर, हा त्यांचा अंदाज आहे. ऑर्डर नाही."

"अहो, डोळ्यांदेखत माणूस जायलाय आणि तुमी मला शब्द शिकवायल्या?"

तोवर मागच्या घरातून वहिनी आल्या होत्या. पदरानं सरांच्या तोंडाची लाळ पुसत त्यांनी मला विचारलं, "सिस्टर, ह्यांनी आजवर कुणाला फोटोच्या आधी ती सुई दिली का?"

"नाही वहिनी."

"मग ह्यांनाच कशी द्यायची? जीप बोलवा."

जीप निघाली. परभणीचं शेवटचं घर मागे पडलं तेव्हा धाकटे डॉक्टर मागे वळून मला म्हणाले, "तुंबलेलं निघालं आणि वाटेत उशीर झाला, तर ते तुमच्यावर." मी म्हणाले, "बरं." दुसरं काय म्हणणार? पट्टा बांधला आणि बीपी घेतलं.

हा "फोटो" काय प्रकार, आणि "फुटलं की तुंबलं" काय, ते सांगितल्याशिवाय सर कळणार नाहीत.

आमच्याकडे लकवा झाला की पेशंट सरळ डॉक्टरकडे येत नसे. आधी पारव्याचं रक्त चोळायचं, मग कुणीतरी सांगितलेल्या गावी जाऊन पाला बांधायचा, मग आमच्याकडे. आल्या आल्या नातेवाइकांची मागणी एकच: सुई द्या, सलाईन लावा. सर त्यांना बाकावर बसवायचे आणि शेतीच्या गप्पा सुरू करायचे. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, या माणसाला वेळेची काही किंमत आहे की नाही?

"तुमचं रान कुठं? कालव्याखाली?"

"व्हय जी. येलदरीचं पाणी येतंय आमच्याकडं."

"समजा, खालचं वावर वाळलं. का वाळलं? पाट फुटला म्हणून, का पाट तुंबला म्हणून? वावराकडं बघून सांगा."

"वावराकडं बघून कसं सांगावं? पाटावर जाऊन बघावं लागतंय."

"आणि पाट फुटलेला असला, आणि तुम्ही तुंबलाय समजून वरून जोरात पाणी सोडलं तर?"

"तर मग सगळंच गेलं की वाहून, डाक्टरसाब."

"मग उठा. ह्यांचा हातपाय म्हणजे वावर. पाट हाय डोक्यात. आणि डोक्यात बघायचं मशीन हाय औरंगाबादला."

ते सीटी स्कॅनचं मशीन यायच्या आधी सगळेच अंदाजानं चालवत. सरही. त्यांचा हात चांगला समजला जायचा. पेशंटच्या उशाशी उभं राहून, पापणी उचलून, तळपायावर किल्ली ओढून ते सांगत आणि लोक मान डोलवत. मग मशीन आलं, आणि पहिलाच पेशंट पाठवला तो पेडगावचा एक शेतकरी. सरांनी भर वॉर्डात मूठ वळून दाखवली होती: तुंबलंय. फोटो परत आला. मेंदूच्या मधोमध पांढरा गोळा. फुटलेलं.

सर तो फोटो उजेडाकडे धरून किती वेळ उभे होते! मग वॉर्डाच्या दारात येऊन मोठ्यानं म्हणाले, "ऐका. मी चुकलो. आज सगळ्यांना चहा माझ्याकडून."

पेशंटचा मुलगा पागोटं सावरत उठला. "चुकले म्हंजे? डाक्टरसाब, तुमीच चुकाय लागल्यावर आमी इथं कशाला आलो?"

"चुकलो ते कळलं, त्यासाठी आलात. नाहीतर मी बरोबर म्हणून तुमचा बाप मेला असता."

त्या दिवसापासून ही पद्धत पडली. प्रत्येक लकव्याच्या पेशंटला सर आधी सगळ्यांसमोर अंदाज सांगणार, मूठ किंवा पंजा. पण औषध अंदाजावर नाही, फोटोवर. अंदाज चुकला की समोरच्या हॉटेलातून वॉर्डभर चहा: पेशंट, नातेवाईक, झाडूवाली, सगळ्यांना. याला आम्ही चुकीचा चहा म्हणायचो. परभणीतल्या इतर डॉक्टरांना हे मुळीच आवडलं नाही. एकानं तर मला बाजारात गाठून विचारलं, "सिस्टर, तुमचे साहेब चुका काय जाहीर करत बसतात? आमचे पेशंट आता आम्हालाही विचारायला लागलेत." मावशी मात्र खुशीत. आठ-पंधरा दिवस सरांचे अंदाज बरोबर आले की त्या केरसुणी टेकवून म्हणायच्या, "सर, लय दिस झाले. चुका की एकदा!"

आणि खिडकी. सरांच्या तपासणीच्या खोलीला रस्त्याच्या बाजूनं भली मोठी काचेची खिडकी होती. नातेवाइकांची परवानगी घेऊन, नावावर चिकटपट्टी लावून, सर ते फोटो काचेला चिकटवत. सकाळी ऊन आलं की खोलीभर निळसर उजेड पडायचा आणि भिंतीभर मेंदू उमटायचे. खेड्यातल्या बायका आत येताना चपला बाहेर काढायच्या आणि हात जोडायच्या. मी एकदा म्हणाले, "सर, अहो, लोक पाया पडायलेत." ते म्हणाले, "पडू द्या. देवापेक्षा जास्त खरं बोलतात ते."

याच खिडकीवरून एकदा तंटा झाला. पाथरीकडच्या एका मोठ्या जमीनदार घराण्याची मंडळी आली. त्यांच्या वडिलांचा फोटो ज्या काचेवर होता, त्याच काचेवर शेजारी लागला होता आमच्या गावातल्या दलित वस्तीतल्या एका हमालाचा. कुणीतरी त्यांना ते सांगितलं होतं. दिवस मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराच्या वादाचे. त्या वादानं गावं फोडली होती, शेजारी तोडले होते. त्याची झळ खिडकीच्या काचेपर्यंत आली. मोठा मुलगा म्हणाला, "डाक्टरसाब, आमच्या दादांचा तेवढा बाजूला लावा."

सरांनी दोन्ही फोटो काढले. पाठीमागे हात नेऊन खालीवर केले. मग दोन्ही त्यांच्यासमोर धरले.

"ओळखा. तुमचे दादा ओळखले की त्यांचा फोटो घरी द्यायला मी स्वतः येतो. ओळखा."

तिघं भाऊ. तिघांनी उजेडाकडे धरून पाहिलं. एकानं हा म्हटलं, दुसऱ्यानं तो. सर बाकावर बसून राहिले. शेवटी धाकटा भाऊ म्हणाला, "चला भाऊ, उशीर व्हायलाय." फोटो परत त्याच काचेवर गेले. कोणता कोणाचा ते सर पुढे मलाही सांगेनात.

असा माणूस. मग त्याच्या लहानसहान तऱ्हांकडे कोण लक्ष देतं? बाजारात टरबूज घ्यायला गेले तर बोटानं वाजवून बघत आणि म्हणत, "फोड." विक्रेता म्हणे, "साब, लालेलाल है, गारंटी." सर म्हणत, "बोटानं कळत असतं तर मी औरंगाबादला जीपा कशाला धाडल्या असत्या?" एक बिनबाह्यांचा तपकिरी स्वेटर मे महिन्यातही अंगात. पायमोजे दोन रंगांचे, कारण "पायाला रंग कळत नाही." आम्ही घरी जाऊन हे किस्से सांगायचो. माझ्या मुलांना सर पाठ होते.

आणि त्यात दरवर्षी भर पडत होती. शेवटच्या दीडेक वर्षात तर जास्तच. त्यांनी पेशंटची खुर्ची टेबलासमोरून उचलून स्वतःच्या उजव्या हाताला लावून घेतली. "इथून बरं दिसतं." डाव्या पायातली चप्पल कुठंतरी निसटायची आणि सर तसेच एका चपलेवर वॉर्डात फिरायचे, मावशी मागून चप्पल घेऊन धावायच्या. "सर, ही काय चतुर्थीची प्रदक्षिणा लावलीय एका पायानं?" स्कूटर चालवणं बंद केलं आणि म्हणाले, चालणं चांगलं. वॉर्डात शिरताना दाराच्या डाव्या चौकटीवर खांदा आपटायचा, धाकटे डॉक्टर हसून म्हणायचे, "सर, दार सरकवून घेऊ का?" खिडकीच्या उजव्या काचांवर फोटोंवर फोटो चढत गेले आणि डाव्या काचा मोकळ्या राहिल्या. मावशींनी विचारलं, "डाव्या अंगाला काय देव कोपला का?" सर म्हणाले, "उजेड येऊ द्या की." जेवणात त्यांना कारळाची चटणी जीव की प्राण. ती एकदम सोडली. कोशिंबीरही. वहिनींना वाटलं, बीपीसाठी तिखट-मीठ कमी केलं असेल. त्या मला कौतुकानं म्हणाल्या होत्या, "तीस वर्षं सांगत होते. आता कुठं ऐकलं."

आणखी एक. सर रडायला लागले. येलदरीच्या जलाशयावर मासे धरणारा एक जण आमच्याकडे पाय ओढत आला होता आणि तीन महिन्यांनी स्वतःच्या पायानं जिना चढून मासे घेऊन आला. सर त्याचा हात धरून ढसाढसा रडले. आम्ही सगळे थक्क. हा माणूस पूर्वी टेबलापलीकडून बोलणारा, पाठीवर हातही न ठेवणारा. त्यानंतर कुणी बरं होऊन घरी निघालं की सरांचे डोळे भरत. पेशंटना ते फार भावलं. आम्हालाही. मावशी म्हणाल्या, "उतारवयात मायाळू झाले बघा." खरं सांगायचं तर त्या दीड वर्षातले सर आम्हा सगळ्यांना आधीपेक्षा जास्त आवडत होते.

आता जीपकडे येते.

नामांतर होऊन दोनच दिवस झाले होते. कुठं आनंद, कुठं राग, आणि रस्त्यावर सगळीकडे पोलीस. जिंतूरला अडवलं, मंठ्याला अडवलं. प्रत्येक ठिकाणी चाचा काच खाली करून एवढंच म्हणायचे, "डाक्टरसाब है. लेटे हुए डाक्टरसाब है." मंठ्याच्या नाक्यावरच्या हवालदारानं आत डोकावलं, सरांना पाहिलं आणि टोपी काढली. "माझी आई आहे त्यांच्या खिडकीत," तो म्हणाला, आणि स्वतः पुढे धावत जाऊन बैलगाड्या बाजूला करायला लागला.

जालन्याच्या अलीकडे सरांना उलटी झाली. मग ते गुंगीत गेले. बीपी वर वर चाललं होतं. धाकट्या डॉक्टरांनी मागे वळून आकडा विचारला, मी सांगितला. त्यांनी पुन्हा विचारला. "इंजेक्शन बरोबर घेतलंय ना?" मी म्हणाले, घेतलंय. मी खरंच घेतलं होतं, डबीत, कापसात गुंडाळून. वहिनींनी माझ्याकडे पाहिलं. मी डबी पिशवीच्या तळाशी सरकवली.

मशीनच्या खोलीबाहेर आम्ही चौघं उभे. आत सर. फोटो निघाले, ओले असल्यासारखे चकचकीत, आणि तिथल्या डॉक्टरांनी ते पाठीमागून दिवा असलेल्या पेटीवर लावले. मला वाचायला येत नाहीत, पण इतकी वर्षं खिडकीत पाहिलेले. मेंदूच्या डाव्या बाजूला, आत खोल, पांढरा गोळा. पेडगावच्या माणसाचा होता तसाच.

"फुटलंय," ते डॉक्टर म्हणाले. "रक्त पातळ करायचं काही दिलंय का?"

"नाही," धाकटे डॉक्टर म्हणाले. त्यांचा आवाज मला ओळखू आला नाही.

"मग वाचायची आशा आहे. दिलं असतं तर इथवर पोचला नसतात."

धाकटे डॉक्टर भिंतीला टेकले आणि हळूहळू खाली फरशीवर बसले. सरांचाही अंदाज चुकला होता, त्यांचाही. माझ्या मनात त्या क्षणी काय आलं? चहा. आता वॉर्डभर चहा द्यावा लागणार. धक्का बसला की माणसाचं डोकं कुठं जाईल त्याचा नेम नाही.

पण खरा धक्का पुढे होता. तिथले डॉक्टर पेटीजवळून हलले नव्हते. त्यांनी पेनचं टोक दुसऱ्या बाजूला नेलं.

"हे ताजं झालं. आणि हे? हे जुनं कधीचं?"

मेंदूच्या उजव्या बाजूला, मागे, एक काळपट डाग होता. चांगला रुंद. ओल उतरून वाळलेल्या भिंतीवर राहतो तसा.

"जुनं काही नाही," वहिनी म्हणाल्या. "ह्यांना याआधी कधी काही झालं नाही."

"झालंय, बाई. हे तुंबलेलं आहे, आणि वर्षाच्या पुढचं आहे. कधी डावा हात जड पडला असेल, घटकाभर चक्कर आली असेल. डाव्या अंगाचं काही जाणवलं नाही का तुम्हाला?"

"नाही हो. चालतात, बोलतात, पेशंट तपासतात..."

"ताकद राहते. लक्ष जातं. या जागेचं नुकसान झालं की डावीकडं काही आहे हेच माणसाला सुचत नाही. डोळे चांगले असतात, पण डावी बाजू मनातून पुसली जाते. आणि त्याला स्वतःला ते कळत नाही. तो डॉक्टर असला तरी."

मग वहिनी अगदी हळू, स्वतःशीच म्हणाल्यासारखं, म्हणाल्या:

"चटणी."

आम्ही त्यांच्याकडे पाहिलं.

"चटणी डावीकडं वाढतात," वहिनी म्हणाल्या. "मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर. सगळं डावीकडं. भाजी उजवीकडं. ह्यांनी चटणी सोडली नव्हती. ह्यांना ती दिसत नव्हती. माझ्या हातानं वाढत होते मी. आणि मग वाढणंच बंद केलं."

चाचा दाराशी उभे होते. त्यांनी तोंडावर हात ठेवला. "बायें पाँव की चप्पल," ते म्हणाले.

फरशीवरून धाकटे डॉक्टर म्हणाले, "दाराची चौकट."

आणि मला खिडकी दिसली. उजवीकडे फोटोंची दाटी, डावीकडे रिकाम्या काचा. रोज सकाळी मी त्या खिडकीसमोर उभी राहून दिवसाची यादी वाचून दाखवायची. आमच्या दवाखान्यात लकवा शोधणारे आम्ही इतके जण. लकव्याची माणसं दारातून आत आली की चालण्यावरून ओळखणारे. आणि आमच्यामध्ये, आमच्याशी बोलत, आमच्या हातचा चहा पीत, लकवा झालेला माणूस दीड वर्ष फिरत होता, आणि आम्ही हसत होतो. दुसरा कुणी असता तर पहिल्याच दिवशी धरून बसवला असता. सर होते, म्हणून प्रत्येक खूण "सरांची तऱ्हा" म्हणून जमा होत गेली.

सर वाचले. महिन्याभरानं परभणीला परत आणलं. उजवा हात गेला तो गेलाच. बोलणं गेलं, नंतर थोडे शब्द परत आले, सुटे सुटे. पहिला शब्द होता "चहा". ते चहा मागत नव्हते. वॉर्डाकडे बोट करून त्यांनी पंजा उघडला, मग मूठ वळली, मग पुन्हा पंजा उघडला, आणि छातीवर हात ठेवला. अंदाज मूठ, निघाला पंजा, चूक माझी. मावशी हॉटेलात गेल्या आणि किटली घेऊन रडत परत आल्या. "सर, मीच म्हणायची ना, चुका की एकदा म्हणून!" सगळ्यांनी चहा घेतला. धाकट्या डॉक्टरांनी हातात धरला, प्यायले नाहीत.

त्या दिवशी दुपारी वहिनींनी सरांचं ताट वाढलं आणि चटणी उजवीकडे ठेवली. भाजीच्या शेजारी. तीस वर्षांची सवय मोडून. सरांनी डाव्या हातानं भाकरी चुरली, चटणी पाहिली, थांबले. मग एका घासात निम्मी चटणी खाल्ली. आणखी मागितली. वहिनी वाढत राहिल्या. मी दारात उभी होते. मला आत जाता येईना आणि निघताही येईना.

सरांनी स्वतःचा फोटो मागून घेतला. आम्ही तो खिडकीच्या उजव्या काचेवर लावला आणि त्यांची खुर्ची समोर ठेवली. रोज सकाळी ते त्याच्यासमोर बसत. पांढऱ्या गोळ्याकडे त्यांचं लक्ष नसे. ते काळ्या डागाकडे बघत. त्यांना सगळं समजलं होतं. धाकट्या डॉक्टरांनी समजावून सांगितलं होतं, चटणीपासून चपलेपर्यंत.

एकदा मी नेहमीप्रमाणे सकाळी आत गेले. सरांनी माझ्या हातातल्या कागदाकडे बोट केलं.

"यादी."

"ही औषधांची आहे, सर. वाचू?"

"नाही." त्यांनी काळ्या डागावर बोट ठेवलं. मग स्वतःच्या छातीवर. मग पुन्हा डागावर. बराच वेळ शब्द शोधला. शेवटी सापडला तो त्यांनी एकदा त्या तीन भावांना म्हटलेला शब्द.

"ओळखा."

मला कळायला थोडा वेळ लागला. सर मला त्यांच्या तऱ्हा लिहून काढायला सांगत होते, आणि प्रत्येकीपुढे लिहायला: ही माझी, की ही ह्या डागाची. एवढं त्यांना पाहिजे होतं. डाग सोडून उरलेला आपण कोणता.

मी त्याच दिवशी बसले. कागदाच्या मधोमध रेघ मारली. एका बाजूला "सर", दुसऱ्या बाजूला "आजार". टरबूज: सर. स्वेटर: सर. दोन रंगांचे पायमोजे: सर, ते लग्नातसुद्धा होते असं वहिनी म्हणाल्या. चुकीचा चहा, खिडकी, तीन भाऊ: सर. चप्पल, चौकट, चटणी, रिकाम्या काचा: आजार. स्कूटर: आजार, म्हणजे त्यांना आत कुठंतरी जाणवलं होतं का? तिथं मी प्रश्नचिन्ह टाकलं. पेशंटची खुर्ची उजवीकडे आणली, ती आजार. पण त्यामुळे पेशंट जवळ आले, आणि जवळ आल्यावर सर त्यांचा हात धरायला लागले. ते कुठं लिहू?

आणि रडणं. धाकट्या डॉक्टरांना विचारलं, तर ते म्हणाले, मेंदूला इजा झाल्यावर असं होऊ शकतं. उगाच रडू येतं, थांबत नाही. वहिनींना विचारलं, तर त्या म्हणाल्या, "ते उगाच कुठं रडत होते? माणूस बरा झाल्यावर रडायचे." मावशींना विचारलं, तर त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी कागद घडी करून खिशात घातला.

सर दर दोन-चार दिवसांनी विचारायचे, "यादी?" मी म्हणायचे, थोडी राहिलीय सर. माझ्या नोकरीत मी कुठलीही यादी एवढी लांबवली नाही. पुढच्या उन्हाळ्यात सर गेले.

कागद अजून माझ्याकडे आहे. सगळं लावून झालंय. एकच ओळ मधल्या रेघेवर लिहिलेली आहे, "रडणं", आणि ती कोणत्या बाजूला न्यायची ते अजून ठरवायचं राहिलं आहे.